सेलेस्टची सोनेरी स्ट्रॉबेरी: एकदाही न मरता शिखर गाठायचं तर

सेलेस्ट नावाचा व्हिडिओ गेम खेळणाऱ्या, कॉलेजात शिकणाऱ्या एका मुलाचा प्रश्न आहे. थोडक्यात असा: "दादा, सेलेस्टमधलं समिट, म्हणजे ७-ए, गोल्डन घेऊन पूर्ण करायचंय. दोन महिने झाले, चारशेच्या वर ट्राय झाले. तीनदा शेवटच्या झेंड्यांपर्यंत पोचलो आणि तिथेच मेलो. एकदा तर आठ नंबरचा झेंडा गाठला होता (आकडे तीसपासून उलटे उतरतात). तिथे पोचलो की हात थरथरतात. कंट्रोलर सोडून कीबोर्डवर जाऊ का? की ट्राय मारतच राहू? मित्र म्हणतो स्पीडरनचे व्हिडिओ बघ."

आधी सरळ उत्तर देतो. ट्राय मारणं आजपासून बंद कर. कीबोर्डचं शेवटी बोलू. आणि स्पीडरनचे, म्हणजे गेम कमीत कमी वेळात संपवण्याचे, व्हिडिओ या कामासाठी तरी बघू नकोस.

ज्यांनी हा गेम खेळलेला नाही त्यांच्यासाठी दोन-चार ओळी. सेलेस्ट जानेवारी २०१८ मध्ये आला. मॅडी थॉर्सन, नोएल बेरी आणि त्यांच्या छोट्या चमूचा. मॅडलिन नावाची मुलगी डोंगर चढते, बस. उडी, हवेतला डॅश (एका दिशेने झटक्यात झेप) आणि भिंतीला धरणं, एवढ्या तीनच गोष्टी येतात तिला. काट्याला लागली की मेली, पण सेकंदाच्या आत त्याच खोलीच्या सुरुवातीला परत उभी. जेमतेम खेळणारा माणूससुद्धा शिखरापर्यंत जाताना हजारभर वेळा सहज मरतो, आणि गेमला त्याचं काही वाटत नाही. उलट एका पोस्टकार्डावर तो सांगतोच, की किती वेळा मेलात त्याचा अभिमान बाळगा. सगळं झालं की मग धड्यांच्या सुरुवातीला सोनेरी स्ट्रॉबेरी, म्हणजेच गोल्डन, दिसायला लागतात. ती उचलली की मागे मागे तरंगत येते. आता मेलं की खोलीच्या सुरुवातीला नाही, धड्याच्या सुरुवातीला. आठ धडे, प्रत्येकाच्या ए, बी, सी अशा तीन बाजू (७-ए म्हणजे सातव्या धड्याची, समिटची, ए बाजू), म्हणून चोवीस. २०१९ मध्ये आलेल्या फेअरवेल या जादा धड्याची एक. आणि पहिल्या धड्यात एकदाही डॅश न वापरता घ्यायची एक पंखवाली. अशा सव्वीस. माझ्याकडे एकवीस आहेत. फेअरवेलची नाही, आणि ती घ्यायचा विचारही नाही. मला नोकरी आहे.

आता तुझी अडचण. पोस्टकार्डाने तुला जी सवय लावली तीच तुझ्या आड येतेय. दोन-तीन वर्षं तू हा गेम "एकदा जमलं की झालं" या हिशेबाने खेळलास. खोली विसाव्या प्रयत्नात जमली काय आणि दुसऱ्या काय, पुढची खोली उघडतेच. गोल्डनला "जमलं" या शब्दाला काही किंमत नाही. तिथे प्रश्न एवढाच, की शंभरातून किती वेळा जमतं.

समजा वाटेत पन्नास खोल्या आहेत. प्रत्येक खोली तुला शंभरातून नव्वदवेळा जमते. ऐकायला काय छान वाटतं, नव्वद टक्के! पण पन्नासच्या पन्नास सलग जमण्याची शक्यता निघते साधारण अर्धा टक्का. दोनशे ट्रायमध्ये एक. पंचाण्णव टक्के जमत असतील तर तेरात एक. अठ्ठ्याण्णवला शंभरात छत्तीस. नव्व्याण्णवला साठ. नव्वद आणि पंचाण्णव यांतला फरक खेळताना हाताला कळतसुद्धा नाही, पण गोल्डनच्या हिशेबात तो दोन महिने आणि एक शनिवार यांच्यातला फरक आहे. चारशे ट्रायमध्ये तू तीनदा झेंड्यांपर्यंत पोचलास ना? मग तुझं नशीब फुटकं वगैरे काही नाही. आकडा जिथे असायला हवा तिथेच आहे.

याहून सोपी मोजणी सांगतो. गोल्डन न उचलता ७-ए सुरुवातीपासून शेवटपर्यंत खेळ आणि किती वेळा मेलास ते लिही. असं पाच वेळा कर आणि सरासरी काढ. सरासरी तीन आली तर शून्य यायची शक्यता विसात एक. दोन असेल तर सातात एक. एक असेल तर तीनात एकाहून जरा बरी. माझा स्वतःचा नियम: सरासरी दीडच्या खाली आल्याशिवाय गोल्डनला हात लावायचा नाही. तुझी आत्ता किती आहे? माझा अंदाज सहा-सात. म्हणजे तू लॉटरीची तिकिटं घेतोयस.

आणखी एक गंमत बघ. चारशे ट्राय म्हणजे ० मीटरची पहिली खोली तू चारशे वेळा खेळलास. झेंड्यांचा टप्पा तीन वेळा. जी खोली डोळे मिटून येते तिचा सराव रोज, आणि जिथे मरतोस तिचा सराव दोन महिन्यांत तीनदा, तोही छाती धडधडत असताना. शाळेत कविता पाठ करायला लावायचे तेव्हा पहिलं कडवं सगळ्या वर्गाला खणखणीत यायचं आणि शेवटच्या कडव्याला नुसती पुटपुट, ते का? तर चुकलं की बाई म्हणायच्या, पहिल्यापासून म्हण.

म्हणून सराव उलटा करायचा. समिटचे सात टप्पे आहेत: ०, ५००, १०००, असे करत ३००० मीटर. चेकपॉइंटवरून धडा सुरू करता येतो, तिथे गोल्डन मिळत नाही, आणि सरावाला ती नकोच आहे. आधी फक्त ३००० चा टप्पा. तीस नंबरच्या झेंड्यापासून वरपर्यंत. तो न मरता दोन-तीनदा झाला की २५०० पासून सुरू करून शेवटपर्यंत. मग २००० पासून. असं खाली खाली येत जायचं. याचा फायदा खऱ्या ट्रायच्या वेळी कळतो. तू जसजसा वर जातोस तसतशी वाट जास्त ओळखीची होत जाते. आत्ता तुझं उलटं होतंय, वर जाशील तसा परका मुलूख.

आता एका खोलीचा सराव म्हणजे नक्की काय, ते जरा जवळून.

पीसीवर खेळत असशील तर एव्हरेस्ट हा मॉड लोडर (गेमला बाहेरचे जोड, म्हणजे मॉड, लावणारा) आणि त्यावर स्पीडरन टूल टाक. एका बटणावर जागा साठवता येते, दुसऱ्या बटणावर तिथे परत येता येतं. कन्सिस्टन्सी ट्रॅकर नावाचा मॉड कुठल्या खोलीत किती टक्के जमतं ते स्वतःच मोजतो. स्विचवर असशील तर यातलं काही नाही, पॉज करून रीट्राय दाबायचं आणि वहीत रेघा मारायच्या. मी पहिल्या सहा गोल्डन रेघा मारूनच घेतल्या. शंभर पानी वही, डाव्या बाजूला खोलीचं नाव मी ठेवलेलं: "दोन ढग", "वाकडा बुडबुडा", "मावशीचा जिना". नावं स्वतः ठेवायची, त्याने खोली लक्षात राहते.

वहीत तीन खुणा. मेलो तर फुली. साफ जमलं तर रेघ. आणि जमलं पण मनात "हुश्श" आलं तर गोल. हा गोल सगळ्यात महत्त्वाचा, आणि तो फुलीतच धरायचा. काट्याला घासून वाचलास, भिंतीला चुकून हात लागला म्हणून वाचलास, ठरवलेलं एक आणि केलं दुसरं पण पोचलास: हे सगळे गोल. सरावात लोक हे "जमलं" म्हणून मोजतात आणि मग ट्रायमध्ये तिथेच मरून म्हणतात, इथे तर मी कधीच मरत नाही! मरत नव्हतास, पण मरणार होतास.

सलग दहा वेळा जमलं की खोली पास, असं पुष्कळजण मानतात. तेही फसवं आहे. ज्याला खोली खरं तर नव्वद टक्केच जमते त्यालासुद्धा सलग दहा रेघा मिळण्याची शक्यता पस्तीस टक्के असते. म्हणून सलग दहा, आणि त्यात एकही गोल नको. आणि तेच दुसऱ्या दिवशी, हात गार असताना, पहिल्याच दहात.

आता वाट कशी निवडायची. इथे स्पीडरनचा मुद्दा येतो. स्पीडरन करणारा माणूस कोपऱ्याला घासून जातो कारण त्याला दहावा भाग सेकंद वाचवायचा असतो. तुला काय वाचवायचंय? तुझ्याकडे अख्खी संध्याकाळ आहे. हायपर, वेव्हडॅश, वॉलबाउन्स ही वेगवान करामतींची नावं ऐकून भुलू नकोस. समिटच्या गोल्डनला यातलं एकही लागत नाही. फेअरवेलची गोष्ट वेगळी, तिथे तर गेम स्वतः स्लाइडशो लावून वेव्हडॅश शिकवतो. बघायचंच असेल तर तुझ्या-माझ्यासारख्या कुणाची हळू खेळलेली गोल्डन बघ, ज्यात स्क्रीनवर बटणं दिसतात अशी.

समिटमध्ये मॅडलिनला दोन डॅश असतात. केस गुलाबी म्हणजे दोन शिल्लक, लाल म्हणजे एक, निळे म्हणजे काही नाही. वेगळा मीटर शोधायला नको. प्रत्येक खोलीची वाट अशी बसव की शक्य तिथे एक डॅश पदरात राहील. दोन्ही डॅश वापरून दोन सेकंद लवकर पोचण्यापेक्षा एक वापरून, भिंतीला धरून, थांबून जाणारी वाट घे. लाल केसांनी खोली संपवायची सवय लागली की उरलेला डॅश हीच तुझी विमा पॉलिसी. आणि खोली जितकी वर, तितकी वाट भित्री हवी. ० मीटरला जरा धाडस केलंस तर मेल्यावर नुकसान अर्ध्या मिनिटाचं. ३००० ला तेच धाडस वीस मिनिटांना पडतं.

माणसं आणखी एक चूक करतात: गेम किती सैल आहे हेच त्यांना माहीत नसतं. मॅडलिनचा मूळ कोड निर्मात्यांनी लोकांना बघायला खुला केला आहे, थॉर्सननेही या सवलतींबद्दल जाहीरपणे लिहिलंय. कडेवरून पाय सुटल्यावरही ०.१ सेकंदापर्यंत उडी मारता येते. गेम सेकंदाला ६० फ्रेमचा, म्हणजे सहा फ्रेम. जमिनीला टेकायच्या आधी ०.०८ सेकंद उडी दाबलीस तरी ती धरली जाते. डोकं छताच्या कोपऱ्याला चार पिक्सेलपर्यंत अडकत असेल तर गेम हळूच बाजूला सरकवून तुला वर जाऊ देतो. मॅडलिनची चौकट ८ बाय ११ पिक्सेलची, पण काट्यांचा मार लागतो तो ८ बाय ९ च्या चौकटीला. पायाकडचे दोन पिक्सेल माफ. आणि काट्यांना दिशा असते: वर तोंड केलेल्या काट्यांमधून तू वरच्या दिशेने जात असशील तर मरत नाहीस. उडीचं बटण धरून ठेवलं तर उडीच्या टोकाला गुरुत्वाकर्षण निम्मं होतं, तेवढा क्षण दिशा ठरवायला मिळतो. सैल वेळ किती आहे ते माहीत असलं की घाई होत नाही. कडेवरून उडी मारताना लोक दोन पावलं आधीच उडतात, "राहून जाईल" या भीतीने, आणि मग समोरच्या कड्याला दोन पिक्सेल कमी पडतात.

भिंतीचंही तसंच. दम संपेल या भीतीने लोक भिंतीवर धडाधड चढतात. दमाचं भांडं ११० चं आहे. नुसतं लटकून राहिलास तर सेकंदाला १०, म्हणजे अकरा सेकंद. चढायला लागलास तर सेकंदाला ४५ च्या आसपास, म्हणजे जेमतेम अडीच सेकंद. भिंत धरून वर उडी मारलीस की एकदम साडेसत्तावीस, अशा चार. म्हणजे लटकणं स्वस्त, चढणं महाग. भिंतीवर थांबून पुढचा ठोकळा कुठे आहे ते बघायला तुझ्याकडे पाच सेकंद आरामात आहेत. अकरा सेकंद किती मोठे असतात ते एकदा नुसतं लटकून मोज.

आता थरथरणाऱ्या हातांचं.

हात थरथरणं बंद होत नाही. मी एकवीस घेतल्या, अजून होतं. सचिनसुद्धा नव्वदीत बाद व्हायचा, आपण कोण. प्रश्न एवढाच की थरथरत्या हातांनी कोणती वाट झेपते. म्हणून तर भित्री वाट.

पण दोन गोष्टी करता येतात. पहिली: खोलीत शिरल्यावर जिथे थांबता येतं तिथे थांब. बहुतेक खोल्यांच्या तोंडाशी उभं राहायला जागा असते, झेंड्यांपाशीही. तिथे दोन्ही अंगठे कंट्रोलरवरून उचल. खरंच उचल. तळवे पँटला पूस. खोलीतल्या पहिल्या दोन हालचाली तोंडाने म्हण: "पूर्ण उडी, वर-उजवा डॅश, धर." मग खेळ. माझी बायको म्हणायची, तू गेम खेळतोस की मंत्र म्हणतोस. मनातल्या मनात म्हटलं तर उपयोग होत नाही, घाईत मन शब्द गिळतं. तोंड गिळत नाही. चौथ्या धड्यात रोपवेच्या पाळण्यात मॅडलिन घाबरते तेव्हा तिचा सोबती थिओ तिला डोळ्यांपुढे पीस आणायला सांगतो, श्वासाबरोबर खालीवर होणारं. पहिल्यांदा खेळताना मला तो प्रसंग जरा शाळकरी वाटला होता. आता झेंड्यांपाशी मी तेच करतो.

सगळीकडे थांबता येत नाही हे मात्र लक्षात ठेव. दुसऱ्या धड्यात बॅडेलिन, म्हणजे मॅडलिनचंच दुसरं रूप, पाठलाग करते तेव्हा ती तुझीच प्रत्येक हालचाल थोड्या वेळाने तशीच्या तशी करते. तिथे थबकून मागे वळलास की स्वतःच्याच पावलांवर जाऊन आदळतोस. तिसऱ्या धड्यात हॉटेलवाल्या ओशिरोच्या पाठलागातही थबकायला सवड नाही. अशा खोल्यांचा सराव वेगळा: तिथे मधे विचार करायची जागाच ठेवायची नाही, शेवटपर्यंत एका दमात पाठ.

दुसरी गोष्ट: अवघड खोलीनंतरची सोपी खोली. माझी वही चाळली तर गोल्डन घेऊन मेलेल्या फुल्या अवघड खोल्यांत जेवढ्या, तेवढ्याच त्यांच्या पुढच्या फालतू खोलीत आहेत. अवघड संपलं की खांदे सैल पडतात, मन "आता राहिलं काय" असा हिशेब करायला लागतं आणि एका सरळसोट काट्यावर जीव जातो. म्हणून वहीत अवघड खोलीला एक चांदणी काढायची आणि तिच्या पुढच्या खोलीला दोन.

माझा २५०० मीटरचा सगळ्यात लाजिरवाणा मृत्यू अशाच खोलीत झाला. आईने स्वयंपाकघरातून हाक मारली होती, "तीन शिट्ट्या झाल्या की गॅस बंद कर रे, मी खाली जाऊन येते." मी हो म्हणालो. त्यानंतरचे दोन टप्पे मी बोटांनी खेळत होतो आणि कानांनी शिट्ट्या मोजत होतो. दुसरी शिट्टी झाली, तिसरी होईना. पिसाच्या खोलीतून नीट बाहेर आलो, पुढे साधी एक उडी, आणि तेवढ्यात तिसरी शिट्टी. गॅस बंद करून परत आलो तेव्हा मॅडलिन ० मीटरवर उभी होती. तेव्हापासून ट्रायला बसायच्या आधी फोन दुसऱ्या खोलीत, पाणी जवळ आणि घरात कुकर नाही ना ते बघून. आणि डेस्कटॉप असेल तर यूपीएसची बॅटरी जिवंत आहे का तेही. हा धडा मी वेगळ्या दिवशी शिकलो, अंधारात.

संगीताबद्दल. लीना रेनचं संगीत सुंदर आहे, समिटचं तर प्रश्नच नाही, टप्प्यागणिक चढत जातं. पण तेच तुझी छाती चढवत असेल तर सेटिंगमध्ये संगीत कमी कर. संगीत आणि आवाज यांचे कप्पे वेगळे आहेत. बाकीचे आवाज मात्र बंद करू नकोस. ठोकळा सुटल्याचा, डॅश भरल्याचा आवाज डोळ्यांच्या आधी कानाला कळतो. मी काही दिवस सगळं म्यूट करून भावगीतं लावून खेळलो आणि चालत्या ठोकळ्यांवर मरत राहिलो, कारण कळायला चार दिवस गेले.

बैठक किती? माझ्यासाठी सहा ट्राय किंवा दीड तास, यातलं आधी होईल ते. सातवा ट्राय रागाचा असतो. रागाचा ट्राय तू ओळखशील: मेल्यावर श्वास न घेता गोल्डन उचलली की तो रागाचा.

आता कंट्रोलर. कीबोर्डवर जाऊ नकोस, निदान आत्ता नको. कीबोर्ड चांगलाच आहे, उडीला सी, डॅशला एक्स, धरायला झेड, दिशा बाणांनी, आणि आठ दिशांचा डॅश असल्याने बाणांवर तिरकी दिशा चुकत नाही. पण तुझ्या बोटांत दोन वर्षं मुरलेलं सगळं पहिल्यापासून मुरवावं लागेल. त्याआधी नक्की काय चुकतंय ते बघ. माझ्या बाबतीत झालं ते सांगतो. मला वाटायचं मी वर-उजवा डॅश उशिरा मारतो. मग मोबाइल कंट्रोलरच्या वर टांगून अंगठ्यांचा व्हिडिओ काढला, निम्म्या वेगात बघितला. वेळ बरोबर होती. डावा अंगठा स्टिकवरून वर जाता जाता उजवीकडे पोचेपर्यंत डॅशचं बटण दाबलं जायचं आणि डॅश सरळ वर जायचा. डॅश दाबल्यावर गेम ०.०५ सेकंद गोठतो, म्हणजे तीन फ्रेम, आणि दिशा त्यानंतर वाचतो. त्या तीन फ्रेमांत माझा अंगठा पोचत नव्हता. उपाय काय केला, तर स्टिक सोडून डी-पॅड (कंट्रोलरवरची दिशांची बटणं) घेतला आणि डॅशच्या आधी दिशा दाबून ठेवायची सवय लावली. आठवडा गेला, तिरके डॅश चुकायचे थांबले. कंट्रोलर तोच, गेली पाच वर्षं.

टीव्हीवर खेळत असशील तर टीव्हीचा गेम मोड चालू आहे का बघ. तो बंद असला की चित्र सुधारण्याच्या नादात टीव्ही प्रत्येक फ्रेम उशिरा दाखवतो आणि तू स्वतःच्या हातांना दोष देत बसतोस. आणि भिंत धरायचं बटण दाबून दाबून बोट दुखत असेल तर सेटिंगमध्ये ग्रॅब एकदा दाबून चालू, परत दाबून बंद असा करता येतो. मला तो मानवत नाही, पण काहींचं त्यावाचून चालत नाही.

असिस्ट मोडबद्दल विचारलं नाहीस, तरी सांगतो. त्यात गेमचा वेग टप्प्याटप्प्याने निम्म्यापर्यंत कमी करता येतो. सरावासाठी हे उत्तम, पण वेगळ्या सेव्ह फाइलमध्ये कर, कारण ज्या फाइलमध्ये तो मोड वापरला जातो तिच्यावर तसा शिक्का पडतो. ७० टक्क्यांवर खोली पाठ, मग ९०, मग पूर्ण. सतार शिकणाऱ्याला विलंबितात वाजवायला लावतात तसं. मित्र हसले तर हसू देत, त्यांच्या किती गोल्डन आहेत ते विचार.

तर या आठवड्यात एवढंच कर. गोल्डनला हात लावू नकोस. ७-ए पाच वेळा तसंच खेळ, मेल्याचा आकडा लिही. मग ३००० च्या चेकपॉइंटवरून रोज अर्धा तास, वही घेऊन. ज्या झेंड्यांच्या मधे गोल जास्त पडतात त्यांचे आकडे आणि तुझ्या अंगठ्यांचा एक व्हिडिओ मला पाठव. आठ नंबरच्या झेंड्यानंतर नेमका कशावर मेलास तेही लिही, काट्यावर की खाली पडून. त्या दोन्हींचा इलाज वेगळा आहे.